ताईच्या स्वयंपाकघरातलं एक मिनिट

११ फेब्रुवारी

ताई,

सुखरूप पोचले. बसमध्ये माझा कॅमेऱ्याचा स्टँड एका आजोबांच्या गुडघ्याला लागला आणि त्यांनी उतरेपर्यंत 'आजकालच्या मुली' या विषयावर मला ऐकवलं. त्रेचाळिसाव्या वर्षीही कुणीतरी मुलगी म्हणतंय, म्हणून मी मुकाट ऐकून घेतलं.

तुझी मुलाखत चांगली झाली. बदली होण्याआधी इथल्या इस्पितळात एकोणीस वर्षं काढलेली वॉर्डची इनचार्ज सिस्टर कॅमेऱ्यासमोर बसायला तयार झाली, हेच मोठं. बाकीच्यांनी मला दारात उभंही केलं नाही. वापरलेल्या सुया नियमाप्रमाणे डब्यातच टाकतात, चादरींबरोबर लाँड्रीत जायचा प्रश्नच येत नाही, हे तू अगदी ठाम सांगितलंस. तो आवाज ऐकून मला शाळा आठवली. 'काल हिला ताप होता,' असं तू आमच्या वर्गाच्या बाईंना याच आवाजात सांगायचीस आणि मी तुझ्या मागे उभी राहून ताप आल्यासारखं तोंड करायचे.

एक सांगायचं राहिलं. मुलाखत संपल्यावर मी तुम्हा दोघांना मिनिटभर गप्प बसायला सांगितलं, तेव्हा 'आता गप्प बसण्याचंही शूटिंग का?' असं म्हणून भावोजी पेपर घेऊन बाहेरच्या खोलीत गेले. त्यांना सांग, हो, असतं. प्रत्येक खोलीची शांतता वेगळी असते. बोलणं कापून जोडताना मध्ये जी भगदाडं पडतात ती त्याच खोलीच्या शांततेने बुजवावी लागतात, नाहीतर ऐकणाऱ्याचा कान अडखळतो. म्हणून मी कुठेही गेले तरी शेवटी 'यंत्र चालू आहे, आता एक मिनिट कुणी बोलायचं नाही' असं सांगते आणि घड्याळ लावते.

तर तुझ्या स्वयंपाकघरातल्या त्या मिनिटाचा आवाज खराब झाला. वायर सैल होती, नुसती खरखर आलीय. मलाही हेडफोनमध्ये काही ऐकू आलं नव्हतं. ते मिनिट गेलंच असं समज आणि निश्चिंत राहा.

निघताना तू दारापर्यंत आली नाहीस. हात ओले होते, ते दिसलं मला.

तुझी,
धाकटी


२ एप्रिल

ताई,

चार वेळा फोन केला. चारही वेळा भावोजींनी उचलला. एकदा तू झोपली होतीस, एकदा आंघोळीला गेली होतीस, एकदा ड्यूटीवर होतीस आणि चौथ्यांदा, सकाळी अकरा वाजता, पुन्हा झोपली होतीस. त्या माणसाला खोटं बोलता येत नाही, त्यांना का त्रास देतेस? म्हणून आता लिहीतच जाते. तोंडी सांगितलेलं वॉर्डात टिकत नाही, काय ते लिहून द्यावं, असं तूच म्हणायचीस.

दोन महिने लाँड्रीत जातेय. तू एकोणीस वर्षं त्याच आवारात होतीस, पण तळघरात कधी उतरली होतीस का? वॉर्डांतून गाठोडी येतात. बारा बायका लांबलचक ओट्यापाशी उभ्या राहून ती हाताने निवडतात. रक्ताचं एकीकडे, साधं एकीकडे, फाटकं तिसरीकडे. हातमोजे वर्षातून एक जोड, तेही असे की भांडी घासतानासुद्धा टिकणार नाहीत. गाठोड्यात सुई सापडली की ती खिडकीतल्या कपडे धुण्याच्या साबणात खोचून ठेवायची, म्हणजे दुसरीला लागू नये. हा त्यांचा त्यांनीच काढलेला उपाय. साबण भरला की नवीन साबण. परवा एका दिवसात सात सुया खोचलेल्या मी मोजल्या. त्या साबणावरच पिक्चर सुरू करणार आहे.

इस्पितळ म्हणतं, या सुया बायका कचऱ्यातून उचलून आणतात. दोघी काविळीने गेल्या, तिघींच्या रक्तात तोच आजार निघाला, तर म्हणे तो घरून आणला. कामामुळे झाला असं मान्य केलं तर इलाज करावा लागेल, सगळ्यांना लस द्यावी लागेल. म्हणून कानांवर हात.

त्या तिघींतली एक आहे, तिला सगळ्या चष्मेवाली म्हणतात. चष्म्याची काडी तुटलीय, तिथे नाडी बांधलीय. चौदा वर्षं निवडतेय. तुझ्या मुलाखतीचा तुकडा तिला दाखवला. ती म्हणाली, "ह्या सिस्टर माहितीयेत मला. चांगल्या बाई. एकदा मी गाठोडी न्यायला वर गेले होते, तर स्वतःचे हातमोजे काढून दिले मला. म्हणाल्या, हे घाल, आणि चादरी झटकत जाऊ नकोस."

तुला आवडेल म्हणून हे लिहिलं. पुढे तिने मला विचारलं, "झटकू नको असं का म्हणाल्या असतील हो?" मी म्हटलं, धूळ उडते म्हणून असेल.

तुझी,
धाकटी


१९ जून

ताई,

पत्र नाही. फोनही आता कुणी उचलत नाही. भावोजींनाही वैताग आला असेल.

मला ताप आला होता. खरा. चार दिवस अंथरुणात होते. खाली काच कापायचं दुकान आहे, तिथला काचवाला दुसऱ्या दिवशी वर आला, कारण दोन दिवसांत मी त्याच्या आवाजाबद्दल एकदाही भांडायला गेले नव्हते. दाराबाहेर औषध ठेवून गेला. या शहरात माझी चौकशी करणारा माणूस हा, आणि तोही भांडण चुकलं म्हणून.

पूर्वी मला एकटेपणाचं काही वाटायचं नाही. लोक विचारायचे, एकटीच कॅमेरा, एकटीच आवाज, एकटीच जोडणी, कंटाळा येत नाही का? मी ऐटीत सांगायचे, चौघं आलो की समोरचा माणूस मिटतो. खरंच आहे ते. पण दिवसभर दुसऱ्यांची दुःखं कानात घालून खोलीवर यायचं आणि कुलूप काढायचं, तेव्हा आत कुणी नसतं. पिक्चर पूर्ण झाला की बघणारे येतात, टाळ्या वाजवतात आणि आपापल्या घरी जातात. मला खूप एकटं वाटतं, ताई. एवढं सरळ कुणाला कधी सांगितलं नव्हतं.

तापात मी एक करायचे. हेडफोन लावून तुझं स्वयंपाकघर ऐकायचे. फ्रीजची घरघर, बाहेरच्या खोलीत भावोजी पेपराचं पान उलटतात तो आवाज, आणि नळ. तुझा नळ गळतोय. खालच्या पातेल्यात साधारण तीन सेकंदांनी एक थेंब पडतो. एक्केचाळीस सेकंद ऐकायचं, मग पुन्हा पहिल्यापासून. आईच्या मागे तूच मला जेवायला वाढायचीस. त्या आवाजात मला थोडी का होईना, झोप लागायची.

त्या मिनिटातला थोडासा भाग चांगला निघाला, हे तुला कळवायचं राहिलं होतं.

तुझी,
धाकटी


६ सप्टेंबर

ताई,

आज रागावून लिहितेय. कुणावर ते लिहिता लिहिता ठरेल.

जुलैत एका सभागृहात पिक्चरचा पहिला अर्धा तास दाखवला. वाटलं, चार लोक बघतील, दोन सूचना येतील. त्या लोकांत इस्पितळाचा माणूस बसला होता. त्यात तुझी मुलाखत होती, तू दिलीस तशी. बायकांचं म्हणणं एकीकडे, इस्पितळाचं दुसरीकडे; दोन्ही बाजू ठेवल्या की आपण प्रामाणिक, असा माझा हिशेब.

काल कामगार कोर्टात लाँड्रीतल्या बायकांच्या दाव्याची तारीख होती. इस्पितळाचे वकील उभे राहिले आणि तुझी वाक्यं वाचून दाखवली. 'यांच्याच बाजूने काढलेल्या पिक्चरमध्ये, इस्पितळात एकोणीस वर्षं काम केलेल्या इनचार्ज सिस्टर स्वतः सांगताहेत. त्यांना खोटं बोलायचं कारण काय?' न्यायाधीशसाहेबांनी मान डोलावली. बायकांच्या वकीलबाई चांगल्या आहेत, धीराच्या आहेत. बाहेर व्हरांड्यात त्यांनी मला बाजूला घेतलं.

"तुमच्याकडे दुसरं काही आहे का? वॉर्डातलं कुणी आतून बोललेलं? एक माणूस पुरे."

मी नाही म्हटलं.

चष्मेवाली बाकावर बसली होती. डोळे हळदीसारखे झालेत. ती माझा दंड धरून म्हणाली, "तुम्ही कशाला मनाला लावून घेता? तुम्ही होतं तेच दाखवलंत." माझ्याच्याने तिच्याकडे बघवेना. बुटांचे बंद बांधायला खाली वाकले. ताई, मी चपला घालून गेले होते.

तुझी,
धाकटी


२८ नोव्हेंबर

ताई,

आवाज खराब झाला नव्हता.

वायर चांगली होती. माझ्या वायरी कधी सैल नसतात, तुला काय माहीत असणार. हेडफोन माझ्या कानांवर होते आणि मी सगळं ऐकलं. एक्केचाळीस सेकंद नळाचे थेंब, आणि मग तू, माझ्याकडे पाठ करून, ओट्याकडे बघत म्हणालीस:

"डबा नव्हताच. डबा फक्त तपासणीच्या दिवशी यायचा. आम्ही चादरीतच गुंडाळून टाकायचो. शिकायला आलेल्या मुलींना मीच तसं सांगायचे."

त्यानंतर सात सेकंद काही नाही. मग तू नळ सोडलास आणि हात धुवायला लागलीस.

मी घड्याळाकडे बघत राहिले, जसं काही झालंच नाही. मिनिट संपलं, 'झालं' म्हटलं, सामान आवरलं. मला वाटलं, कॅमेऱ्याचा दिवा विझला म्हणून आवाजाचं यंत्र चालू आहे हे तू विसरलीस आणि तोंडातून निघून गेलं. तुझ्या निवृत्तीला वर्ष उरलंय. हे बाहेर आलं तर चौकशी लागेल, तीस वर्षांच्या नोकरीवर पाणी पडेल आणि ते पाडणारी मी असेन. म्हणून घरी पोचल्या पोचल्या तुला ते खरखरीचं खोटं लिहिलं. वाटलं, ताईच्या जिवाला घोर नको. शाळेत तू माझ्यासाठी खोटं बोलायचीस, एकदा मी तुझ्यासाठी बोलले तर काय बिघडलं?

बिघडलं हे, की बारा बायका खोट्या ठरताहेत. आणि तुझ्यावरचा रागही आता लपवत नाही. चादरी झटकू नकोस असं तू तिला सांगितलंस. म्हणजे तुला माहीत होतं कुणाचे हात त्यात जातात. एक जोडी हातमोजे देऊन तू मोकळी झालीस. मीही अर्ध्या तासाचा पिक्चर दाखवून मोकळी झाले. आपण दोघी एकाच घरातल्या, शोभतो.

पुढची तारीख २३ डिसेंबर, मंगळवार. त्यानंतर निकाल. तुला विचारल्याशिवाय ते मिनिट द्यायचं माझ्या जिवावर येतं. 'नाही' म्हणालीस तर काय करीन, ते मला माहीत नाही. पण काहीतरी लिही. शिव्या घाल, चालेल.

तुझी,
धाकटी


१३ डिसेंबर

ताई,

दोन आठवडे वाट पाहिली.

काल चष्मेवालीला दाखल केलं. त्याच इस्पितळात, जागा नाही म्हणून पॅसेजमध्ये गादी टाकून. अंगाखालची चादर तिने उलटसुलट करून बघितली आणि मला म्हणाली, "ही आमच्या ओट्यावरची. कोपऱ्यातला टाका माझा आहे." तिच्या लेकीने मला विचारलं, पिक्चर कधी पुरा होणार? आई असेपर्यंत होईल का?

मी सोमवारी, २२ तारखेला, ते मिनिट वकीलबाईंना देणार आहे. हे विचारत नाहीये, सांगतेय. तू मला पुन्हा कधी दारात उभी केली नाहीस तरी मी ते सोसेन. दहा महिने सोसतेच आहे. आजपासून तुझं स्वयंपाकघर ऐकायचं बंद केलंय. एकदा दुसऱ्यांच्या हाती दिलं की ते माझं राहणार नाही, म्हणून आधीच सवय करतेय.

तुझी,
धाकटी


१७ डिसेंबर

धाकटे,

तुझी सगळी पत्रं मिळाली. आधीचीसुद्धा. तुझ्या भावोजींना बोल लावू नकोस, फोनवर काय सांगायचं ते मीच त्यांना सांगायचे. अकरा वाजताची झोप मात्र त्यांची स्वतःची.

मला लांबलचक लिहिता येत नाही. ड्यूटीचा रिपोर्ट लिहून हात तसाच झालाय.

तू म्हणतेस, मी विसरले होते. तू माझ्यासमोर उभी राहून म्हणालीस, यंत्र चालू आहे, एक मिनिट बोलायचं नाही. तीस वर्षं मला वरून जे सांगितलं ते मी केलंय. डबा मागू नका म्हणाले, मागितला नाही. तपासणीला अमुक बोला म्हणाले, बोलले. बोलायचं नाही असं सांगितलेल्या मिनिटात मी तोंड उघडलं, याचं तुला नवल वाटलं नाही का गं?

कॅमेरा चालू असताना मला जमलं नाही. त्याच्या मागे तुझं तोंड दिसत होतं. तुला अभ्यासाला बसवणारी, खरं बोलायला शिकवणारी मी. म्हणून तू घड्याळ बघायला लागलीस तेव्हा पाठ करून बोलले. एक्केचाळीस सेकंद लागले म्हणतेस. मला ते फार मोठे वाटले. मग हात धुतले आणि तुझ्या 'झालं' या शब्दाची वाट बघितली. तू तो म्हणालीस आणि वायरी गुंडाळायला लागलीस.

तरी मी चार दिवस वाट बघितली. मनात म्हटलं, घरी जाऊन नीट ऐकेल, मग फोन करेल. तर पत्र आलं, आवाज खराब झाला, निश्चिंत राहा. ते पत्र मी कितीदा वाचलं असेन. मला वाटलं, धाकटीने ऐकलंय आणि तिला ते नकोय. माझी बहीण असली निघाली हे तिला जगाला दाखवायचं नाही. तुझी लाज राखायची म्हणून मग मी गप्प बसले. तू फोन करायचीस तेव्हा मी शेजारीच उभी असायचे.

चष्मेवाली कोण ते मला आठवतं. हातमोज्यांबद्दल तू लिहिलंस ते खरं आहे. ते दिले त्या रात्री मला झोप आली होती, हेही खरं आहे. पुढे कितीतरी वर्षं आली नाही, तो भाग वेगळा.

ते मिनिट वकीलबाईंना दे, पण नुसतं ते नको. यंत्राला उलट प्रश्न विचारता येत नाहीत, मला येतील. मी रजा टाकलीय. कारणाच्या रकान्यात खरं कारण लिहिलं, तर मेट्रनबाईंनी चष्मा काढून दोनदा वाचलं आणि म्हणाल्या, 'सिस्टर, विचार केलात ना?' केलाय म्हटलं. चौकशी व्हायची ती होईल. शिकाऊ मुलींची नावं मात्र मी सांगणार नाही. त्यांना मी सांगितलं होतं, त्यांनी केलं.

रविवारी दुपारच्या गाडीने येते. तू घरी नसलीस तर किल्ली काचवाल्याकडे ठेव. आधी मला त्या पॅसेजमध्ये घेऊन चल, मग वकीलबाईंकडे. नळ आम्ही ऑगस्टमध्येच दुरुस्त करून घेतला, तेव्हा तू ऐकतेस तसं माझं स्वयंपाकघर आता राहिलेलं नाही. जेवायला वाढायला मी आहे.

कॅमेरा लावायचा असेल तर लाव. तोंडावर लाव, या वेळी पाठ करणार नाही. फक्त एक ऐक. बोलता बोलता मी मध्येच गप्प झाले, तर लगेच 'झालं' म्हणू नकोस. थोडी थांब.

ताई